न छापलेलं तिसरं पान

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, आईला नाही. बाबांना तर नाहीच — त्यांना सांगितलं असतं तर त्यांनी मला हाताला धरून वझलवार काकांच्या दारात नेऊन उभं केलं असतं, आणि ते होऊ नये म्हणूनच इतकी वर्षं गप्प बसले. मग तुम्हाला का सांगतेय? तुम्ही काकांना ओळखत नाही म्हणून. एवढंच कारण आहे, त्यात माझा मोठेपणा शोधू नका.

आधीच सांगून ठेवते, मी संशयी बाई आहे. कुणी जरा गोड बोललं की याला आपल्याकडून काय हवंय, असं माझ्या मनात येतं. दुकानदाराने एकावर एक फुकट दिलं तर मी दोन्ही पुड्यांवरची तारीख बघते. नवरा म्हणतो, तुझा कुणावरच विश्वास नाही. खरं आहे. पण ही खोड मला जन्मापासून नव्हती. ती लागली भोपाळच्या एम. पी. नगरमधल्या एका ऑफिसात, एका आठवड्यात. त्या आठवड्यात तिथे सगळे एकमेकांकडे संशयाने बघत होते, आणि ज्या बाईकडे बघायला हवं होतं तिच्याकडे कुणीच बघत नव्हतं. ती बाई मी.

पण तिथे पोचायला जरा वेळ लागेल. थेट सांगायला गेले की जीभ अडते — लिहितानासुद्धा.

वझलवार काका म्हणजे पिपलानीत आमच्या शेजारच्या क्वार्टरमधले. बाबा आणि ते एकाच कारखान्यात होते. बाबा मशीनवर, काका ड्रॉइंग ऑफिसात. दोघेही नागपूरकडचे, त्यामुळे आमच्या दोन घरांत वाटी-डबा सतत इकडून तिकडे जायचा. मला आर्किटेक्ट व्हायचंय म्हटल्यावर काकांनीच मला त्यांच्या मोठ्या ड्रॉइंग बोर्डासमोर बसवलं. पेन्सिल कशी धरायची, टी-स्क्वेअर — ती टी आकाराची लांब पट्टी — कशी सरकवायची, सगळं त्यांनी शिकवलं. सावल्या काढायला तर कॉलेजच्या आधी त्यांच्याकडेच शिकले. "आधी ऊन कुठून येऊन राहिलं ते पाह्य," ते म्हणायचे, "वस्तू मग काढ." निवृत्तीनंतर ते एम. पी. नगरमधल्या एका आर्किटेक्टकडे रोज कामाला जायचे. मी कॉलेजातून बाहेर पडल्यावर त्याच ऑफिसात मला लावलं तेही त्यांनीच. "पोरगी आमच्या घरातली आहे," एवढंच त्यांनी सरांना सांगितलं होतं.

सकाळी मी स्कूटरवरून काकांना घेऊन जायची आणि संध्याकाळी घेऊन यायची. मागे बसून ते मला रहदारी सांगायचे — डावीकडून ट्रक येऊन राहिला, पुढे खड्डा आहे. जसं काही मला दिसतच नव्हतं.

त्या ऑफिसात एक सॉफ्टवेअर होतं. नकाशावरून इमारतीचं अगदी फोटोसारखं चित्र करून देणारं. भिंतीवर ऊन, काचेत आभाळ, अंगणात झाडं. बांधायच्या आधीच घर उभं. गिऱ्हाईक नकाशाकडे बघत नाही, चित्र बघून पाघळतं, त्यामुळे ते हवंच. आणि ते आमच्याकडे चोरीचं होतं. मीच एका साइटवरून उतरवून घेतलं होतं. सोबत एक चिठ्ठी होती: अँटीव्हायरस बंद करा, ही फाइल त्या फाइलच्या जागी टाका, आणि या कॉम्प्युटरला पुन्हा कधी इंटरनेट जोडू नका. कुणीतरी अनोळखी माणूस मला म्हणतोय, दाराची कडी काढून ठेव — आणि मी ती काढली. आजची मी तसं करीन का? तेव्हा मात्र मला हुशारी वाटली होती. नंतर कधी काहीच काम चालू नसताना त्या कॉम्प्युटरचा पंखा जोरात फिरायला लागायचा. आत कोण काय करतंय, हे मी कधी शोधलं नाही. फुकट मिळणारी, रीतसर वापरता येणारी दुसरी सॉफ्टवेअर होती, हेही मला माहीत होतं. पण ती नव्याने शिकावी लागली असती. मला कंटाळा होता, एवढंच.

सरांना हे ठाऊक होतं. त्यांनी हसून मान हलवली होती. "सब यही चलाते हैं. बस, वायर मत लगाना." माझ्या कॉम्प्युटरची इंटरनेटची वायर काढून टेबलामागे गुंडाळून ठेवली गेली. फाइली पेनड्राइव्हमधून न्यायच्या. ऑफिसातला हा एकच नियम सर स्वतः अधूनमधून तपासायचे.

मग आमच्या मंडळाच्या हॉलचं काम आलं. पिपलानीतलं आमचं छोटंसं मराठी मंडळ — गणपती, हळदीकुंकू आणि दिवाळीच्या फराळापुरतं. त्यांना कधी नव्हे ती जागा मिळाली होती. काम काकांच्या ओळखीने आलेलं, म्हणून काकांनी हौसेने हॉलचं एक चित्र हाताने काढलं. जलरंगात. पंधरा दिवस खपले त्यावर. सरांनी ते बघितलं, छान आहे म्हणाले आणि मला म्हणाले, रेंडर बनव — म्हणजे सॉफ्टवेअरमधलं ते फोटोसारखं चित्र. काकांनी आपलं चित्र गुंडाळून नळीत घातलं. रागावले का? मला नाही तसं वाटलं. पण इतरांनी ते पाहिलं होतं, आणि पुढे ते सगळ्यांना बरोबर आठवलं.

मी चित्र केलं. मंडळाच्या सेक्रेटरी काकू बघून म्हणाल्या, "ही कोण गं माणसं?" सॉफ्टवेअरमध्ये मिळणारी तयार माणसं ती — उंच, गोरी, लांब कोट घातलेली, हातात कॉफीचे ग्लास. आणि झाडं बर्फाच्या देशातली. "भोपाळचा हॉल आहे ना? मग आपली माणसं घाल की." मला ते इतकं पटलं की मी गणेशोत्सवाचे जुने फोटो काढून बसले. नऊवारीतल्या जोशी आजी कापून घेतल्या, पळणारी दोन मुलं घेतली, आणि दाराशी, पायऱ्यांवर — वझलवार काका. पांढरा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, खिशाला पेन, खांद्याला कापडी पिशवी. कापून चिकटवलेल्या माणसाची सावली नीट पडत नाही, म्हणून काकांची सावली मी वेगळी, हाताने रंगवली. त्यांनी शिकवली होती तशी. ते बघून काका खूष झाले. "मला चौकीदार करून ठेवला काय वं?"

राहिली झाडं. कडुनिंब आणि गुलमोहर हवे होते, आणि ते त्या सॉफ्टवेअरमधून थेट उतरवून घ्यावे लागत. त्याला इंटरनेट लागतं. सर साइटवर गेले होते. मी टेबलामागे वाकले आणि वायर लावली. पाच-दहा मिनिटांचं काम. दोन दिवसांनी आणखी एक झाड हवं म्हणून पुन्हा लावली. शेजारच्या टेबलावर आसिफ होता, तो प्लंबिंगचे नकाशे करायचा. त्याने पाहिलं का? त्याची मान खाली होती. मला आजही माहीत नाही.

आता काकांचं. त्याच दिवसांत त्यांनी मला सरळ विचारलं, "हे आपण विकत घेतलं आहे नं?" मी खोटं बोलू शकले नाही, म्हटलं नाही. त्यांचं तोंड उतरलं. "मंडळाच्या कामाला चोरीचं नको बाप्पा. नाव लिहून दे कंपनीचं. जावयाला विचारतो. महिन्यापुरतं रीतसर भेटत असेल तर मी घेतो." त्यांची एक लहान डायरी होती. कारखान्यातली सवय, प्रत्येक गोष्ट नोंदवायची. त्यात मी माझ्या हाताने कंपनीचं नाव लिहून दिलं.

हे नीट लक्षात ठेवा. त्यांनी नाव का लिहून घेतलं, हे मला पहिल्या क्षणापासून माहीत होतं.

आमच्या ऑफिसात मेल छापून वाचायची पद्धत होती. सरांना स्क्रीनवर वाचवत नसे. रोज सकाळी रिसेप्शनच्या कॉम्प्युटरवर मी ऑफिसची मेल उघडायची, कामाची असतील ती छापायची आणि सरांच्या टेबलावर ठेवायची. त्या सकाळी त्या कंपनीच्या वकिलांचं पत्र आलं होतं. दोन पानं पत्र: तुमच्याकडे आमचं सॉफ्टवेअर परवान्याशिवाय वापरलं जातंय, वगैरे. आणि जोडलेलं एक तिसरं पान. त्यावर एक तक्ता. कोणत्या कॉम्प्युटरवरून, कोणत्या दिवशी, किती वाजता. कॉम्प्युटरचं नाव माझं होतं, मीच ठेवलेलं. दिवस दोन. दोन्ही दुपारी. खाली लिहिलं होतं की इंटरनेट मिळताच सॉफ्टवेअरने स्वतःहून ही माहिती पाठवली आहे.

कुणीच सांगितलं नव्हतं. मी वायर लावली आणि ते आपणहून आपल्या घरी, कंपनीकडे बोललं.

मी पहिली दोन पानं छापली. तिसरं छापलं नाही. मग ती मेल डिलीट केली आणि कचऱ्याच्या फोल्डरमधूनही काढून टाकली. किती वेळ लागला असेल? सरांचा चहा येईपर्यंत झालं सगळं.

आता गंमत बघा — गंमत म्हणते, दुसरा शब्द सापडत नाही म्हणून. चोरी कुणी केली, हे त्या ऑफिसात कुणी विचारलंच नाही. ती सगळ्यांना ठाऊक होती. सगळे विचारत होते ते एकच: सांगितलं कुणी? सरांनी काचेचं दार लावून घेतलं. "अपन को फँसाया किसने?" दिवसभर एकेकाला आत बोलावणं. फोन वाजला की मागचा माणूस कान देऊन ऐकायचा. डबे एकत्र खायचे थांबले. आधी आसिफवर नजर होती, कारण तो दुसरीकडे नोकरी बघतोय अशी कुजबुज होती. मी आसिफकडे बघत होते वेगळ्याच भीतीने — याने वायरचं सांगितलं तर? दोन दिवस मी त्याच्या तोंडाकडे बघत काढले. तो नुसता खोकला तरी मी सरांच्या दाराकडे बघायची. संशय लवकर कुठेतरी जाऊन बसायला हवा होता. कुठेही. माझ्यापासून लांब.

तिसऱ्या दिवशी सरांनी मला बोलावलं. म्हणाले, तू सब देखती है, तुझे क्या लगता है? आणि मी म्हणाले — हळूच, जसं काही सांगायची इच्छा नाही अशा आवाजात —

"सर, काका ने मुझसे कंपनी का नाम लिखवाया था. डायरी में."

बस. एवढंच वाक्य. त्यात खोटं काय आहे? एक शब्दही नाही. मी फक्त पुढचं बोलले नाही. जावयाला विचारायचं होतं, पदरचे पैसे घालून रीतसर घ्यायचं होतं — हे माझ्या तोंडाशी होतं. सर थांबलेही होते. मला वाटतं, त्यांनी "और?" असंही विचारलं. मी मान हलवली, नाही म्हणून.

मग सगळ्यांना सगळं आठवलं. काकांचं चित्र कसं बाजूला ठेवलं गेलं होतं. ते कसे गप्प झाले होते. चोरीचं नको, असं ते एकदा चहाच्या वेळी बोललेसुद्धा होते. प्रत्येकाने आपापला खडा आणून टाकला. सर काकांना वाईट काही बोलले नाहीत. "काका, अब आप आराम कीजिए. बहुत हो गया काम." काकांना कळायला दोन मिनिटं लागली. मग ते आपल्या मोडक्या हिंदीत म्हणाले, "मैंने किसी को बताया नहीं, साहब." सर म्हणाले, "मैंने कब कहा, काका?" जे कुणी म्हणालंच नाही ते खोडून कसं काढायचं?

मी तिथेच उभी होते. दाराजवळ.

त्या संध्याकाळी काकांना घरी मीच सोडलं. दुसरं कोण सोडणार? मागे ते, मांडीवर त्यांचे त्रिकोण, कंपास आणि चहाचा कप भरलेली पिशवी, आणि हातात ती टी-स्क्वेअर उभी धरलेली, माझ्या खांद्यावरून वर आलेली. सिग्नलला लोक बघत होते. पूर्ण वाटेत ते एकदाच बोलले. "डावीकडून बस येऊन राहिली." उतरताना त्यांनी विचारलं, "मिनू, कोणी सांगितलं असेल वं?" मला ते विचारत होते. मला. मी म्हटलं, काय माहीत काका. आणि स्कूटर वळवली.

सरांनी दंड भरला आणि सॉफ्टवेअर विकत घेतलं. त्यावर माझं पहिलं काम काय होतं माहितेय? सरांनी मंडळाचं चित्र उघडायला लावलं आणि पायऱ्यांवर बोट ठेवलं. "इनको हटा दो." मी काकांना काढलं. एक क्लिक. पुन्हा चित्र तयार केलं, मोठं छापलं, फ्रेम झाली.

पुढचं तुम्ही ओळखलं असेल. भोपाळातलं मराठी जग केवढंसं. सरांनी सेक्रेटरी काकूंना सांगितलं, त्यांनी आणखी कुणाला. वझलवारांनी ज्या ताटात खाल्लं त्यातच — वगैरे. आमच्या घरीही हे बोलणं झालं. बाबा एकटेच म्हणत राहिले, तो तसला माणूस नाही. माझ्याकडे बघून म्हणाले, "तू तिथे होतीस ना, तू सांग." मी पोळ्या लाटत होते. लाटत राहिले.

काकांनी मंडळात येणं सोडलं. निवृत्तीनंतर राहू दिलेलं क्वार्टर वर्षभराने सुटलं तेव्हा ते मुलीकडे, भोपाळातच कोटरा सुल्तानाबादला, राहायला गेले. जावयाने त्या महिन्यात खरंच चौकशी केली होती, हे मला त्यांच्या मुलीकडून नंतर कळलं. एका महिन्याचा परवाना मिळत होता. काका पैसे भरायला निघाले होते. तेवढ्यात हे झालं.

हॉल बांधून झाला. प्रवेशाजवळच ते चित्र लावलंय. पहिल्यांदा तिथे बघितलं तेव्हा लक्षात आलं — मी काकांना काढलं, पण सावली काढायची राहिली. ती वेगळी रंगवली होती ना, म्हणून. पायऱ्यांवर एक सावली पडलेली आहे. खांद्याला पिशवी असलेल्या माणसाची. माणूस नाही. कुणाच्याच लक्षात आलं नाही. मला बदलून घेता आली असती. पण मग कुणीतरी विचारलं असतं, कुणाची सावली? म्हणून राहू दिली.

परवा मंडळात दिवाळीचा फराळ होता. काकांची मुलगी त्यांना घेऊन आली, कित्येक वर्षांनी. आता काठी आलीय हातात. बायका त्यांच्याशी जरा जास्तच अदबीने बोलल्या, जुनी माणसं बाजूला सरली. मी फराळाच्या ताटल्या भरत होते. काका चित्रापाशी थांबले. बराच वेळ. आधी वर बघितलं, जिथे सूर्य असायला हवा तिथे. मग नजर खाली आणत आणत पायऱ्यांवर आणली. चाळीस वर्षं नकाशे तपासलेला माणूस. त्यांना दिसायला किती वेळ लागणार?

मी ताटली घेऊन गेले. त्यांनी ती घेतली, दुसऱ्या हाताने चित्राकडे काठी केली.

"सावली बरोबर काढली तू," ते म्हणाले. "तेवढी ठेवली, बरं केलं."

आणि खुर्ची शोधत निघून गेले. त्यांना काय ठाऊक आहे? किती? कधीपासून? ज्या संध्याकाळी स्कूटरवरून उतरताना त्यांनी मला विचारलं, तेव्हाच ते मला संधी देत होते का? मी त्यांच्याकडे बघत राहिले, ते चकली खात होते. मी त्यांच्याशेजारी जाऊन बसू शकले असते. शेजारची खुर्ची रिकामी होती. मी पुढची ताटली भरायला घेतली.

पत्राची पानं तीन होती. मी दोन छापली.